एका दिवसाचा इतिहास

इतिहासाच्या अभ्यासकानें सहलीच्या गाडींत बसूं नये, असा एक अलिखित संकेत आमच्या पेशांत रूढ आहे. सकाळीं आठाला उचलून सायंकाळीं पांचाला परत आणून सोडणाऱ्या गाडींत जें सांगितलें जातें तो इतिहास नसून इतिहासाचा बाजार होय, असें या मंडळींचें म्हणणें. हें मत अगदींच निराधार आहे असें नाहीं. परंतु त्यांत एक गोष्ट नजरेआड होते. एखाद्या राष्ट्रानें आपल्या भूतकाळाविषयीं काय ठरविलें आहे हें पाहावयाचें असेल, तर त्याच्या विद्यापीठांतील प्रबंधांपेक्षां परक्या पाहुण्याला एका दिवसांत काय दाखवावयाचें याची त्यानें केलेली निवड अधिक बोलकी असते. प्रबंधांत सर्व कांहीं घालतां येतें. आठ तासांत तें घालतां येत नाहीं. जागा थोडी असली म्हणजे माणूस काय घेतो व काय मागें ठेवतो, यावरून त्याची पारख होते. राष्ट्रांचेंही तसेंच आहे.

अलीकडे आपल्याकडील पुष्कळ लोक व्हिएतनामास जाऊं लागले आहेत. त्या देशाच्या मध्यभागीं, समुद्रापासून थोड्याच अंतरावर, सुगंधनदी या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या नदीच्या दोन्ही तीरांवर ह्वे हें शहर वसलें आहे. १८०२ पासून १९४५ पर्यंत तेथें न्गुयेन घराण्याची राजधानी होती. तेथील एका दिवसाच्या सहलीचा क्रम बहुतेक ठरलेला असतो : सकाळीं राजदुर्ग, मग थिएन मू नांवाचें बौद्ध देवालय, जेवण, दुपारीं दोन-तीन राजांचीं समाधिस्थानें, आणि परतीची वाट नावेंतून. आमच्या गाडींत पंधरा-सोळा माणसें होतीं. मार्गदर्शक तिशीच्या आंतला, ह्वे येथेंच जन्मलेला व इंग्रजी स्वच्छ बोलणारा तरुण होता. शहराचा इतिहास १८०२ सालीं सुरू होतो, असें त्यानें पहिल्याच वाक्यांत सांगून टाकलें.

वास्तविक तो त्याच्या पांचशें वर्षें आधीं सुरू होतो, आणि ती हकीकत आमच्या वाचकांच्या विशेष आस्थेची आहे. इ. स. १३०६ पर्यंत हा मुलूख चंपाच्या राज्यांत मोडत असे. संस्कृत नांवें धारण करणाऱ्या व शिवाचीं देवळें बांधणाऱ्या राजांचें तें राज्य. त्यांपैकीं जय सिंहवर्मन् या राजानें उत्तरेकडील व्हिएतनामी राजघराण्यांतील ह्वेन त्रान या राजकन्येशीं विवाह केला, आणि वधूमूल्य म्हणून आपल्या राज्याचे उत्तर सीमेवरील दोन परगणे तिच्या माहेरीं देऊन टाकले. नव्या धन्यांनीं त्यांचीं नांवें बदलून थुआन व होआ अशीं ठेवलीं. त्यांतील होआ या नांवावरूनच पुढें ह्वे हें नांव आलें असें मानतात. लग्नास वर्ष होतें न होतें तोंच राजा वारला. चंपाच्या रिवाजाप्रमाणें राणीला सहगमन करावें लागेल या भीतीनें माहेरच्या माणसांनीं येऊन तिला समुद्रमार्गें परत नेलें, असें व्हिएतनामी बखर सांगते. राणी परत गेली. परगणे परत आले नाहींत. चंपाचा दक्षिणेकडे उरलेला शेवटचा तुकडाही ह्वेच्याच गादीवर बसलेल्या मिन्ह मांग राजानें १८३२ सालीं खालसा केला. एका दिवसाच्या सहलींत या साऱ्यास जागा नाहीं, आणि त्याचें मला नवल वाटलें नाहीं. जिंकलेल्या भूमीचा इतिहास जिंकल्याच्या दिवसापासून मोजण्याची खोड कोणा एका देशाची नाहीं.

१८०२ या सालाशीं आपणांपैकीं कोणाही मराठी माणसाचें मन क्षणभर अडखळल्यावांचून राहणार नाहीं. त्याच सालच्या अखेरच्या दिवशीं दुसऱ्या बाजीरावानें वसईस इंग्रजांशीं तह केला. इकडे एक राज्य परक्याच्या फौजेवर विसंबून आपली गादी सांभाळूं पाहत होतें. तिकडे न्गुयेन आन्ह नांवाचा, पंचवीस वर्षें रानोमाळ भटकलेला राजपुत्र ताय सोन बंडखोरांचा मोड करून, झा लाँग हें नांव घेऊन सिंहासनावर बसत होता. त्यालाही परक्यांचें साहाय्य होतेंच. पिन्यो द बेएन या फ्रेंच धर्मगुरूनें १७८७ सालीं त्याच्या वतीनें व्हर्सायला तह केला. परंतु पुदुचेरीच्या फ्रेंच गव्हर्नरानें फौज धाडण्याचें नाकारलें, तेव्हां त्या बिशपानें पुदुचेरींतच पैसा व माणसें जमवून, जहाजें घेऊन पूर्वेकडे कूच केलें. फ्रेंच सरकारनें तह पाळला नाहीं, म्हणून झा लाँगनें मुलूख दिला नाहीं. बाजीरावाच्या आणि त्याच्या नशिबांत हा एवढा फरक. पण तो ऐंशीं वर्षांपुरता.

त्या ऐंशीं वर्षांची साक्ष म्हणजे ह्वेचा राजदुर्ग. १८०५ च्या सुमारास सुरू झालेलें त्याचें बांधकाम मिन्ह मांगच्या कारकीर्दींत, १८३२ सालीं पुरें झालें. तट सुमारें दहा किलोमीटर घेराचा आहे. त्याचा नकाशा फ्रेंच स्थापत्यकार व्होबां याच्या धर्तीवरचा, कोनाकोनांचे बुरूज पुढें काढलेला. आंतील मांडणी मात्र पेकिंगच्या धर्तीची, एकांत एक अशीं तीन आवारें. दक्षिणेकडील न्गो मोन म्हणजे मध्यान्हद्वार. त्याच्या माथ्यावरील सज्जांत ३० ऑगस्ट १९४५ रोजीं बाओ दाय या शेवटच्या राजानें राज्यत्याग करून मुद्रा व तलवार नव्या सरकारच्या प्रतिनिधींच्या स्वाधीन केली. ही हकीकत मार्गदर्शकानें फार चांगली सांगितली. ती त्याच्या तोंडांत बसली होती, आणि ती सांगतांना आपण नव्या राज्याच्या जन्माची कथा सांगत आहों याची त्याला जाणीव होती.

द्वारांतून आंत गेल्यावर सिंहासनमंदिर लागतें. लाल-सोनेरी लाखकामाचे खांब, त्यांवर वेटाळलेले नाग म्हणावे असे अजगर. त्याची दुरुस्ती होऊन तें २०२४ सालीं पुन्हां उघडलें. परंतु मागल्या दारानें बाहेर पडलें कीं एकाएकीं मोकळें मैदान सामोरें येतें. येथें राजाचे खासगी महाल होते, जनानखाना होता. आतां जोत्यांचे दगड, हिरवळ, आणि मध्येंच कोठें नवें लांकूड व ताजा तांबडा रंग. अगदीं मागें किएन त्रुंग हा राजवाडा दिसतो. १९४७ सालीं नष्ट झालेला हा वाडाही नव्यानें बांधून २०२४ मध्येंच पाहुण्यांस खुला केला आहे. गाडींतील एका बाईनें विचारलें, हें सारें गेलें कसें? मार्गदर्शक म्हणाला, “युद्धांत.” आणि तो पुढें चालूं लागला.

उत्तर खरें आहे. त्यांतील एकवचन तेवढें खोटें आहे. ह्वे शहर तीनदां मेलें, आणि तिन्ही वेळां मारणारे हात निराळे होते. पहिली वेळ ४ व ५ जुलै १८८५ यांमधील रात्रीची. १८८४ च्या तहान्वयें फ्रेंचांची शिबंदी दुर्गाच्याच एका कोपऱ्यांत येऊन बसली होती. फ्रेंच धर्तीच्या तटाला बाहेरच्या फ्रेंच शत्रूशीं लढण्याची वेळच आली नाहीं. राज्यपालक तोन थात थुयेत यानें त्या शिबंदीवर रात्रीं छापा घातला, तो फसला, आणि उजाडल्यावर फ्रेंचांनीं शहरांत कत्तल, लूट व जाळपोळ केली. हाम न्गी हा चौदा-पंधरा वर्षांचा राजा डोंगरांत पळाला. दुसरी वेळ १९४७ सालच्या आरंभींची : फ्रेंच परत येत होते, आणि त्यांच्या हातीं कांहीं लागूं नये म्हणून स्वातंत्र्याच्या सैनिकांनींच लावलेल्या आगींत राजवाड्याचा मोठा भाग गेला. तिसरी १९६८ ची. ३१ जानेवारीस, नववर्षाच्या सणांत, साम्यवादी फौजांनीं शहर घेतलें. सुमारें पंचवीस दिवस दुर्गाच्या ध्वजस्तंभावर त्यांचें निशाण फडकत होतें. अमेरिकन व दक्षिण व्हिएतनामी सैन्यानें गल्ली-गल्ली लढून आणि तोफा व विमानें यांचा मारा करून तें परत घेतलें. शहर परत घेतल्यावर भोंवतालच्या वाळूंत व रानांत सामुदायिक थडगीं सांपडूं लागलीं. शहर ताब्यांत असतांना साम्यवाद्यांनीं मारलेल्या माणसांचीं तीं होतीं. आंकड्याविषयीं वाद आहे. तीं थडगीं होतीं याविषयीं नाहीं.

परक्यानें केलेला नाश सांगणें सोपें असतें. आपल्यांनींच शत्रूस अडवण्यासाठीं केलेला नाश त्याहून अवघड, आणि जिंकलेल्या पक्षानें आपल्याच देशबांधवांचा केलेला नाश तर सांगतांच येत नाहीं. “युद्धांत” या एका शब्दाखालीं हे तिन्ही झांकले जातात. माझ्या मतें दुर्गांतील सर्वांत मोठी वास्तु ती आहे, आणि तिची डागडुजी रोज होते.

नष्ट झालेले वाडे पुन्हां उभारावे कीं जोतीं तशींच राखावीं, याविषयीं मतभेद होण्यासारखे आहेत. मला स्वतःला जोतीं अधिक आवडतात. पण ज्यांच्या शहराचीं जोतीं आहेत त्यांना तीं आवडलींच पाहिजेत असा आग्रह परक्यानें धरणें शोभत नाहीं.

दुर्गांतील ज्या जागेसाठीं मी ही सहल पुन्हां करीन ती जागा गाडींतील मंडळींनीं दहा मिनिटांत उरकली. तें म्हणजे थे मियेव हें राजघराण्याचें पितृमंदिर. त्याच्या अंगणांत मिन्ह मांगनें १८३५ ते १८३७ या काळांत ओतविलेलीं नऊ कांस्यपात्रें रांगेनें उभीं आहेत; सर्वांत मोठें दोन हजार किलोंहून अधिक वजनाचें. त्यांच्या अंगावर राज्यांतील डोंगर, नद्या, घाट, पक्षी, फुलें, तोफा, गलबतें कोरलीं आहेत. तें एक राज्याचें भूगोलाचें पुस्तकच आहे. युनेस्कोनें त्या कोरीवकामाची नोंद २०२४ सालीं आशिया-पॅसिफिक विभागाच्या स्मृतिसंग्रहांत केली. पुढें एकेक पात्र एकेका राजाच्या नांवाशीं जोडलें गेलें. नवांपैकीं सातांना राजे मिळाले. दोन तशींच राहिलीं.

पण खरी गंमत आंत आहे. मंदिरांत राजांच्या वेद्या ओळीनें मांडल्या आहेत. घराण्यांत राजे तेरा झाले. १९५८ पर्यंत वेद्या सात होत्या, आज दहा आहेत. मधल्या तीन १९५९ सालीं आल्या. कोणाच्या? फ्रेंचांनीं पदच्युत करून परदेशीं धाडलेल्या तिघांच्या. हाम न्गी १८८८ सालीं फितुरीनें पकडला गेला. त्याला अल्जीरियास नेलें, तेथें तो चित्रें काढीत व मूर्ति घडवीत राहिला, आणि १९४४ सालीं तेथेंच वारला. थान्ह थाय याला वेडा ठरवून १९०७ सालीं गादीवरून उतरविलें, आणि त्याच्या जागीं त्याचा बालवयीन मुलगा झुई तान यास बसविलें. त्या मुलानें १९१६ सालीं, सोळाव्या वर्षीं, बंडाच्या कटांत भाग घेतला. तेव्हां बापलेक दोघांनाही हिंदी महासागरांतील रीयुनियन बेटावर पाठविण्यांत आलें. बाप १९४७ सालीं मायदेशीं परतला. मुलगा दुसऱ्या महायुद्धांत स्वतंत्र फ्रेंचांच्या बाजूनें लढला व १९४५ च्या डिसेंबरांत आफ्रिकेंत विमान कोसळून मेला. त्याच्या अस्थि १९८७ सालीं ह्वेला आणल्या.

फ्रेंचांच्या अमदानींत या तिघांना पितृमंदिरांत प्रवेश नव्हता. फ्रेंचांनीं बसविलेल्या दोंग खान्ह व खाय दिन्ह यांना मात्र होता. फ्रेंच गेल्यानंतर पांच वर्षांत हे तिघे आंत आले. पण येथें एक गोष्ट लक्षांत घेण्यासारखी आहे : त्यांना जागा देतांना दोंग खान्ह व खाय दिन्ह यांच्या वेद्या कोणी हलविल्या नाहींत. फ्रेंचांचा मांडलिक आणि फ्रेंचांचा कैदी आज एकाच छपराखालीं उदबत्तीचा धूर घेत आहेत. पूर्वजांच्या पंक्तींत आलेल्यांची भर घालतां येते, बसलेल्यास उठवितां येत नाहीं, हा जो त्यांचा कुलाचार, तो राजकारणाहून बळकट ठरला.

थिएन मू देवालयाविषयीं थोडक्यांत सांगतों. १६०१ सालीं स्थापन झालेल्या या स्थानाचा सात मजली मनोरा १८४४ चा आहे व नदीवरून फार सुंदर दिसतो. मागल्या बाजूस एक जुनी ऑस्टिन मोटार ठेवली आहे. थिक क्वांग दुक हे भिक्षु ११ जून १९६३ रोजीं सैगांवच्या चौकांत आत्मदहन करण्यासाठीं याच मोटारींतून गेले. त्या प्रकरणाची ठिणगी त्याच्या महिनाभर आधीं ह्वेलाच पडली होती : बुद्धजयंतीस धर्मध्वज लावण्यास मनाई झाली आणि जमावावर गोळीबार होऊन माणसें मेलीं. गाडींतील सर्वांनीं मोटारीचीं छायाचित्रें घेतलीं. पाडलेल्या सरकारचे अपराध सांगतांना मार्गदर्शकाचा आवाज पुन्हां मोकळा झाला होता.

दुपारचीं समाधिस्थानें. मिन्ह मांगचें शांत, समतोल, एका रेषेंत आखलेलें आहे; त्याविषयीं याहून अधिक बोलण्याची गरज नाहीं. तू दुकचें मात्र माणसाला धरून ठेवतें. या राजानें १८४७ पासून १८८३ पर्यंत, घराण्यांत सर्वांत अधिक काळ राज्य केलें. तो विद्वान व कवि होता, प्रकृतीनें दुबळा होता, आणि शंभरावर राण्या असूनही त्याला मूल झालें नाहीं. १८६४ ते १८६७ या काळांत, म्हणजे दक्षिणेकडील प्रांतामागून प्रांत फ्रेंचांच्या घशांत जात असतांना, त्यानें स्वतःसाठीं तलाव, मंडप, नाट्यगृह यांसह हें स्थान बांधविलें. वेठीनें राबणाऱ्या मजुरांचा १८६६ सालीं उठाव झाला. चुना कुटण्याचे मुसळ हींच त्यांचीं हत्यारें होतीं, आणि त्याच नांवानें तें बंड ओळखलें जातें. बंड मोडल्यावर राजानें स्थानाचें नांव बदलून “खियेम”, म्हणजे विनय, असें ठेवलें. आंतील बहुतेक प्रत्येक इमारतीच्या नांवांत हा शब्द आहे. इतक्या ठिकाणीं लिहावा लागलेला विनय पाहून हंसूं येतें.

तें हंसूं शिलालेखापाशीं थांबतें. समाधीवरील लेख मुलानें बापाच्या स्तुतिपर लिहावयाचा, असा रिवाज. तू दुकला मुलगा नव्हता. त्यानें तो स्वतःच लिहिला. सुमारें वीस टन वजनाची ती शिला शेंकडों किलोमीटरांवरील थान्ह होआ प्रांतांतून आणलेली, आणि तीवर सुमारें पांच हजार अक्षरें आहेत. त्यांत त्यानें आपलें आजारपण, आपली निपुत्रिकता, आपल्या हातून गेलेला मुलूख यांचा पाढा वाचला आहे, आणि आपल्या दोषांचा निवाडा पुढच्यांवर सोंपविला आहे. राजांच्या शिलालेखांचा एवढा मोठा साठा आपल्याकडे आहे. त्यांत पराभवाची अशी कबुली मला आठवत नाहीं. मार्गदर्शकानें लेखाचें वजन सांगितलें, मजकूर सांगितला नाहीं. त्याऐवजीं त्यानें, राजाला खरोखर कोठें पुरलें हें गुप्त राहावें म्हणून दोनशें सेवकांचीं डोकीं उडविलीं, ही कथा सांगितली. ताजमहालाच्या कारागिरांचे हात तोडल्याच्या कथेची ही बहीण. प्रवासी अशा कथा मागतात, म्हणून त्या जन्मतात. वस्तुतः तू दुकच्या मृत्यूनंतर महिना-सव्वामहिन्यांतच, २५ ऑगस्ट १८८३ रोजीं, फ्रेंचांनीं ह्वेच्या दरबाराकडून संरक्षणाचा तह लिहून घेतला, ही गोष्ट दोनशें डोक्यांच्या कथेहून अधिक भयंकर आहे.

खाय दिन्हचें स्थान डोंगराच्या उतारावर, सवाशें पायऱ्यांच्या वर. १९२० सालीं सुरू झालेलें तें काम राजा मेल्यानंतर सहा वर्षांनीं, १९३१ सालीं संपलें. बाहेर काळवंडलेलें सिमेंट काँक्रीट. आंत चिनी मातीच्या व कांचेच्या तुकड्यांनीं मढविलेल्या भिंती, आणि मध्यभागीं फ्रान्समध्यें ओतविलेला, सोन्याचा मुलामा दिलेला राजाचा पुतळा. त्यासाठीं रयतेवर जादा कर बसविला गेला. याच राजाच्या १९२२ च्या फ्रान्सच्या दौऱ्याची थट्टा करणारें नाटक पॅरिसमध्यें एका तरुण देशबांधवानें लिहिलें. तोच पुढें हो चि मिन्ह. आज हो चि मिन्हच्या वारसांचें सरकार त्या राजाच्या समाधीचें तिकीट विकतें. यांत मी दांभिकपणा पाहत नाहीं. १९७५ नंतर सैगांवांतील झा लाँग रस्त्याचें नांव पुसलें गेलें होतें. सरकारी इतिहासांत हें घराणें देशद्रोह्यांचें म्हणून कित्येक वर्षें गणलें जाई. १९९३ सालीं ह्वे जागतिक वारशांत गेलें. २००८ सालीं थान्ह होआ येथें इतिहासकारांनीं परिषद भरवून, देशाला आजचा आकार देणारें घराणेंही हेंच, हें त्याच्या पदरांत टाकलें. प्रवाशांचा पैसा आधीं आला व न्याय मागून आला, असें कोणी म्हणेल. पण न्याय कोणत्या वाटेनें आला याची फार चौकशी करूं नये.

सायंकाळीं नाव शहराकडे निघाली. बोलण्याचें काम संपल्यामुळें मार्गदर्शक माझ्याशेजारीं येऊन बसला. शेवटच्या राजाची वेदी थे मियेवमध्यें कां नाहीं, असें मीं त्याला विचारलें. बाओ दाय १९९७ सालीं पॅरिसमध्यें वारला, त्याला तिकडेच पुरलें, एवढें त्यानें सांगितलें. मग बऱ्याच वेळानें, न विचारतां, तो आपल्या आजीविषयीं बोलूं लागला. चांद्र पंचांगाच्या पांचव्या महिन्यांतील तेविसाव्या दिवशीं, म्हणजे १८८५ सालच्या त्या रात्रीच्या तिथीला, ती घराच्या आंत नव्हे, तर बाहेर अंगणांत मेज मांडते. पेज, तांदूळ, मीठ, लाह्या, कागदाचे कपडे. ह्वेंत घरोघरीं हें करतात. ज्यांना पाणी द्यावयास कोणी उरलें नाहीं अशांसाठीं तें असतें. मीं विचारलें, फक्त १८८५ सालच्यांसाठीं? तो म्हणाला, “आजी साल विचारीत नाहीं.”